जेऊरच्या काचा

२२ जानेवारी १८९८ च्या भर दुपारी तुळजापूर तालुक्यातल्या तामलवाडीच्या आकाशात सूर्याची बारीक कोर उरली. गाव तेव्हा निजामाच्या मुलखात होतं. खग्रास ग्रहणाचा पट्टा मात्र त्याच्या वायव्येकडून निघून गेला : विजयदुर्गाहून जेऊर आणि तिथून विदर्भ.

करमाळा तालुक्यातल्या जेऊर स्टेशनाला त्या दिवसांत आगळाच मान मिळाला. कॅलिफोर्नियाच्या लिक वेधशाळेचे विल्यम कॅम्पबेल तिथे चाळीस फुटी कॅमेरा उभारून बसले होते. पुण्यात प्लेग थैमान घालत असताना तिथल्या महाराजा तख्तसिंहजी वेधशाळेचे कावसजी दादाभाई नायगमवाला यांनीही जेऊरलाच तळ ठोकला. खग्रास टिकणार जेमतेम दोन मिनिटं, त्यामुळे सगळी भिस्त काचेच्या प्लेटांवर.

या प्लेटांवर सिल्व्हर ब्रोमाइडच्या कणांचा थर असे. एका कणावर थोड्या वेळात प्रकाशाची अनेक पुडकी, म्हणजे फोटॉन, आदळली, तरच तो धुताना काळा पडे. शंभरातला एखाद-दुसराच फोटॉन कामी येई. आजची चांगली सीसीडी (इलेक्ट्रॉनिक प्रकाशग्राही चिप) ऐंशीच्या आसपास टिपते. पण प्रकाश असा सुट्या पुडक्यांनी येतो, हे आइन्स्टाइन १९०५ मध्ये मांडणार होते. जेऊरच्या मंडळींना या ज्ञानाची गरजही भासली नाही. सूर्याच्या कडेचा वर्णपट क्षणोक्षणी पालटतो, म्हणून कॅम्पबेल यांनी अरुंद फटीमागून प्लेटच सरकती ठेवली. एकाच काचेवर सेकंदासेकंदाचा हिशेब उमटला. युक्ती साधी आणि बेरकी!

विदर्भातल्या तळणीत खगोलनिरीक्षक अ‍ॅनी माँडर यांनी दीड इंची भिंगाच्या कॅमेऱ्याने प्रभामंडळाचा लाखो मैल पसरलेला किरण पकडला. मोठ्या वेधशाळांच्या अवजड सरंजामापेक्षा हे छोटं भिंग अधिक भाव खाऊन जातं.

ब्रिटिश खगोलशास्त्रज्ञ नॉर्मन लॉकियर विजयदुर्गला होते ते याच ग्रहणासाठी. तिथल्या ‘साहेबाच्या ओट्यां’वरून १८६८ मध्ये हेलियम सापडल्याची कथा गोड आहे, पण लॉकियर त्या वर्षी इंग्लंडातच होते. सूर्याच्या वर्णपटातली हेलियमची पिवळी रेषा त्यांनी तिथूनच पाहिली.

पुण्याच्या वेधशाळेचं पुढे फारसं भलं झालं नाही. नायगमवाला १९१२ मध्ये निवृत्त झाले आणि वेधशाळेला टाळं लागलं. भावनगरच्या महाराजांच्या देणगीतून उभ्या राहिलेल्या या वेधशाळेतली वीस इंची दुर्बीण कोडाईकनालला गेली. तिकडे तिला ‘भावनगर दुर्बीण’ म्हणतात. नावात पुण्याचा मागमूसही नाही. पुण्याजवळ पुन्हा मोठी दुर्बीण उभी राहायला २००६ साल उजाडलं : आंबेगाव तालुक्यातल्या गिरवलीला, आयुका या खगोलसंस्थेची, दोन मीटर व्यासाची.