दुहेरी केसांच्या कुत्र्याची घरगुती निगा

उन्हाळा लागला की पॉमेरेनियन, गोल्डन रिट्रीव्हर, जर्मन शेफर्ड यांना भादरून घेण्याची लाट येते. हेतू दयेचा असतो, पण त्यामागची समजूत माणसाच्या शरीरावरून बेतलेली. आपण सर्वांगाने घामावतो. कुत्र्याला घाम येतो तो मुख्यतः पंजांच्या गाद्यांना. अंगातली उष्णता तो धापा टाकून बाहेर काढतो. त्यामुळे कातडी उघडी करून त्याला गारवा फारसा मिळत नाही, उन्हाचा आडोसा मात्र जातो.

या जातींच्या अंगावर केसांचे दोन थर असतात : वर लांब, राठ केस आणि खाली दाट, मऊ लव. वरचा थर ऊन-पाऊस अडवतो. त्रास होतो तो गळून आतच अडकलेल्या लवेचा. ती हवा खेळू देत नाही. घरच्या निगेचे मुख्य काम ही मेलेली लव काढणे हे आहे, केस आखूड करणे नव्हे.

केसांच्या वाढीचे चक्रही लक्षात घ्यावे. पूडलचे केस दीर्घकाळ वाढत राहतात, म्हणून ते कापावेच लागतात. स्पिट्झ कुळातल्या कुत्र्यांचे बहुतेक केस विश्रांतीच्या अवस्थेत असतात. मुळापासून भादरलेला पॉमेरेनियन म्हणूनच कधी कधी महिनोन्‌महिने, क्वचित वर्षाहून अधिक काळ बोडका राहतो.

खरा धोका जटांपाशी. कानामागे, काखेत, जांघेत, पट्ट्याखाली घर्षण आणि ओल असते. तिथे सुटी लव गुंतून घट्ट गोळा होतो. तो ओढला की खालची पातळ कातडी तंबूसारखी वर उचलली जाते आणि केसांत दिसत नाही. त्या क्षणी चालवलेली कात्री जटेबरोबर कातडीही कापते. घरी होणाऱ्या इजांपैकी ही सर्वांत टाळता येण्याजोगी, म्हणून जटेजवळ कात्री नकोच. मुळाशी केस बोटांत पकडावेत, म्हणजे ओढ कातडीला बसत नाही. मग टोकाकडून सोडवत आत यावे. कातडीला चिकटलेली जट ट्रिमरनेच काढावी, पाते कातडीला समांतर ठेवून. पाते पाहता पाहता तापते; ते अधूनमधून आपल्या मनगटाला लावून पाहावे. जटांचे सलग कवचच झाले असेल तर पशुवैद्य गाठावा.

विंचरणे आंघोळीच्या आधी. पाण्याने गुंता आणखी आवळतो. माणसाचा शॅम्पू वापरू नये : आपली त्वचा आम्लधर्मी, कुत्र्याची उदासीनतेच्या जवळची. नंतर केस मुळापर्यंत कोरडे करावेत. पावसाळ्यात, विशेषतः कोकणात, आत राहिलेल्या ओलीने कातडी चिघळते. ड्रायर थंड हवेवरच चालवावा.

फणीत गोचीड सापडली तर चिमट्याने कातडीलगत धरून सरळ ओढावी. रॉकेल किंवा जळती उदबत्ती हे उपाय कातडी जाळतात. बोटांनी चिरडूही नये. गोचिडीतून बॅबेसिया, एर्लिकिया यांसारखे जंतू पसरतात.

गावठी किंवा कारवानी कुत्र्यांना एवढा खटाटोप लागत नाही. रबरी ब्रश आणि ओला फडका पुरे. मात्र कुत्रा कुठलाही असो, तो वारंवार ओठ चाटू लागला, अंग आखडून डोळ्यांचे पांढरे दाखवू लागला की फणी खाली ठेवावी. राहिलेली बाजू उद्या विंचरता येते.