गहाणाचा हिशेब : दामदुपटीपासून मासिक हप्त्यापर्यंत

घर किंवा जमीन तारण ठेवून घेतलेल्या कर्जाची खरी किंमत तीन गोष्टींवर ठरते : व्याजाचा दर, फेडीची मुदत आणि हिशेबाची रीत. कर्ज घेणाऱ्याचे लक्ष बहुधा पहिल्या गोष्टीवर असते, पण उरलेल्या दोन गोष्टींनी किती घरे बुडाली वा तरली, हे महाराष्ट्रातल्या गहाणाच्या इतिहासात स्पष्ट दिसते. दामदुपटीच्या नियमापासून आजच्या बँकेच्या हप्त्यापर्यंत प्रत्येक काळात प्रश्न एकच राहिला : वही कोणाच्या हाती, आणि ती कर्जदाराला वाचता येते का?

मराठी मुलखात व्याज ‘दरमहा दरशेकडा’ सांगण्याची पद्धत होती. महिना शेकडा एक रुपया हा दर कानाला हलका वाटतो, वर्षाला तो बारा टक्के होतो. दोन रुपये म्हणजे चोवीस टक्के. धान्याच्या उसनवारीला सवाई-दिढीचे माप असे : एक मण नेले तर सुगीला सव्वा किंवा दीड मण परत करायचे. रोख कर्जात सावकार रक्कम देतानाच ‘मनोती’ कापून घेई. खतावर शंभर रुपये लिहिले जात, कुळाच्या पदरात त्याहून कमी पडत आणि व्याज मात्र पूर्ण शंभरावर चाले. आजच्या कर्जातले प्रक्रिया शुल्क याच जातीचे आहे. लिहिलेल्या दराहून खरा दर चढा ठरतो, तो अशा सुरुवातीच्या कपातींमुळे.

या वाढीला धर्मशास्त्राने एक बांध घातला होता. एका वेळी वसूल करायचे व्याज मुद्दलापेक्षा जास्त असू नये, म्हणजे मुद्दल आणि व्याज मिळून रक्कम दुपटीच्या पुढे जाऊ नये, हा तो नियम. मनुस्मृतीत तो आढळतो आणि मराठीत ‘दामदुपट’ या नावाने तो ओळखला जातो. मुंबई इलाख्यातल्या इंग्रजी न्यायालयांनीही हिंदू ऋणकोंच्या बाबतीत तो मान्य केला. मात्र नियमाची मर्यादा नीट ध्यानात घ्यायला हवी. बंधन थकून साचलेल्या व्याजावर होते. वेळच्या वेळी भरलेल्या व्याजाच्या एकूण बेरजेवर नव्हते. वर्षानुवर्षे नेमाने व्याज देणाऱ्याने मुद्दलाच्या तिप्पट रक्कम दिली, तरी दामदुपट त्याच्या मदतीला येत नसे.

इंग्रजी अमदानीत हा बांध आडवाटेने फुटला. १८५९ च्या मुदतीच्या कायद्याने साध्या कर्जखतावर दावा करण्यास तीन वर्षांची मुदत ठरवली. जुनी कर्जे कुळाच्या मानेवर कायम लटकत राहू नयेत, हा त्यामागचा हेतू होता. प्रत्यक्षात मुदत संपत आली की सावकार कुळाकडून नवे खत लिहून घेई आणि थकलेले व्याज त्यात मुद्दल म्हणून धरले जाई. शेकडा दोन रुपये दराने शंभर रुपयांचे तीन वर्षांत १७२ होत. नवे खत १७२ चे झाले की पुढच्या तीन वर्षांत ते सुमारे २९६ वर जाई, आणि नऊ वर्षांत ५०९ वर. दामदुपटीच्या हिशेबाने ही रक्कम कधीच २०० च्या पुढे गेली नसती. दर तोच राहिला. बदलली ती हिशेबाची रीत.

रयतवारी पद्धतीत जमीन खातेदाराच्या नावावर झाल्याने ती गहाण टाकणे आणि लिलावात काढणे सोपे झाले होते. त्यातच अमेरिकेतील यादवी युद्धामुळे १८६१ ते १८६५ या काळात इथल्या कापसाला विलक्षण भाव आला, सावकारांनी सढळ हाताने पैसा दिला, आणि युद्ध संपताच भाव कोसळले. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुपे येथे उठाव झाला आणि पुणे व अहमदनगर जिल्ह्यांतल्या अनेक गावांत तो पसरला. या उठावाचा रोख माणसांपेक्षा कागदांवर होता. शेतकऱ्यांनी सावकारांकडून खते, रोखे आणि वह्या मागून घेतल्या आणि जाळल्या. स्वतःला वाचता न येणाऱ्या हिशेबाने घरदार जात आहे, ही जाण त्या आगीमागे होती.

सरकारने नेमलेल्या आयोगाच्या चौकशीनंतर १८७९ चा दख्खन शेतकरी साहाय्य कायदा आला. पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर हे जिल्हे त्याच्या कक्षेत प्रथम आले. न्यायाधीशाला खताच्या मागे जाण्याचा अधिकार मिळाला, हे या कायद्याचे मर्म. खतावर लिहिलेला आकडा अंतिम न मानता व्यवहार मुळापासून तपासायचा, मुद्दल आणि व्याज वेगळे करायचे, मुद्दलात मिसळलेले व्याज बाजूला काढायचे आणि ऐपतीप्रमाणे हप्ते बांधून द्यायचे. विक्रीखताच्या आड गहाण दडवले असल्यास ते सिद्ध करण्याची वाटही पुढच्या दुरुस्तीने खुली झाली. न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांनी १८८० च्या दशकात या कायद्याच्या अंमलबजावणीत न्यायाधीश म्हणून काम केले. कर्जमाफी न देता कर्जाचा हिशेब उघड करणारा कायदा म्हणून त्याचे महत्त्व मोठे आहे.

गहाणाचे प्रकारही किमतीवर परिणाम करत. १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याने ते सूत्रबद्ध केले. नजरगहाणात मिळकतीचा ताबा मालकाकडेच राहतो. ताबेगहाणात घर वा शेत धनकोच्या ताब्यात जाते आणि त्याचे भाडे किंवा पीक व्याजापोटी वळते होते. मुदतखरेदीत ठरल्या दिवशी पैसे फिटले नाहीत तर विक्री पक्की होते. मिळकतीचे हक्कलेख धनकोकडे ठेवून होणारे गहाण त्या कायद्याने मुंबईसारख्या व्यापारी शहरांपुरते मान्य केले. आज बहुतेक गृहकर्जे याच पद्धतीने होतात, आणि बँकेच्या तिजोरीतली ‘ओरिजिनल’ ही या गहाणाची खूण असते. पैसे फेडून मिळकत सोडवण्याचा ऋणकोचा हक्क त्याच कायद्याने राखला.

शहरात राहते घर कर्जाने घेण्याची कल्पना बरीच उशिरा रुजली. मुंबईचा कष्टकरी आणि मध्यमवर्ग चाळीत भाड्याने राहत असे. १९१५ मध्ये रावबहादूर श्रीपाद सुबराव तालमकी यांच्या पुढाकाराने गावदेवीत सारस्वत सहकारी गृहनिर्माण संस्था उभी राहिली आणि सभासदांनी मिळून भांडवल उभारून घरे बांधण्याची वाट दिसली. १९४७ च्या मुंबई भाडेनियंत्रण कायद्याने भाडी बांधली गेल्यावर भाड्यासाठी इमारती बांधण्यात मालकांना रस उरला नाही. हळूहळू ‘ओनरशिप’ फ्लॅटची पद्धत आली आणि तिच्यासाठी १९६३ मध्ये महाराष्ट्र मालकी सदनिका कायदा झाला. घर विकत घेणे भाग पडले, पण त्यासाठी लांब मुदतीचे कर्ज सहज मिळत नव्हते. आयुर्विमा महामंडळ, सहकारी वित्तसंस्था, नोकरी देणारी कंपनी किंवा सरकारी खाते यांच्याकडून काही रक्कम मिळे. बाकी भर भविष्यनिर्वाह निधी, बायकोचे दागिने आणि नातलगांची उसनवारी यांवर. म्हणून घर बहुधा निवृत्तीच्या सुमारास होई.

हसमुखभाई पारेख यांनी १९७७ मध्ये मुंबईत एचडीएफसी स्थापन केली, तेव्हा पगारदाराच्या पुढच्या कमाईवर घरासाठी कर्ज देणारी खास संस्था उभी राहिली. १९८८ मध्ये राष्ट्रीय गृहनिर्माण बँक आली. पुढे बँकाही या व्यवसायात जोमाने उतरल्या. घर तिशीतच घेता येऊ लागले. त्याबरोबर कर्जही निम्म्या आयुष्याचे सोबती झाले.

याच काळात दामदुपटीची सावली आखडत गेली. १९४६ च्या मुंबई सावकारी कायद्याने न्यायालयाला मुद्दलाहून अधिक व्याजाचा हुकूमनामा देण्यास मनाई केली होती. पण बँकांची कर्जे त्या कायद्याबाहेर होती. बँकिंग नियमन कायद्यात १९८४ मध्ये घातलेल्या कलम २१-क ने तर व्याजदर जास्त आहे एवढ्या कारणावरून बँकेच्या कर्जाचा हिशेब न्यायालयात पुन्हा उघडण्याचा मार्ग बंद केला. खताच्या मागे जाण्याचे काम आता न्यायाधीशाचे राहिले नाही. ते रिझर्व्ह बँकेच्या नियमांकडे आणि स्वतः कर्जदाराकडे आले.

म्हणून समान मासिक हप्त्याची रचना समजून घेणे अगत्याचे आहे. पन्नास लाखांचे कर्ज ९ टक्के दराने २० वर्षांसाठी घेतल्यास हप्ता सुमारे ४४,९८६ रुपये येतो. पहिल्या हप्त्यातले ३७,५०० रुपये व्याजात जातात, मुद्दलातून फिटतात फक्त ७,४८६. दहा वर्षांत जवळपास ५४ लाख रुपये भरून होतात, तरी ३५.५ लाख मुद्दल शिल्लकच असते. वीस वर्षांत एकूण सुमारे १.०८ कोटी रुपये भरले जातात, त्यांपैकी व्याज ५८ लाख. मुद्दलाहून जास्त व्याज गेलेले असते आणि दामदुपटीचा नियम इथे लागतही नाही, कारण व्याज कधी थकतच नाही.

मुदतीचा परिणाम याहून ठळक दिसतो. तेच कर्ज १५ वर्षांचे घेतले तर हप्ता ५०,७१३ आणि एकूण व्याज ४१.३ लाख. मुदत ३० वर्षे केली तर हप्ता ४०,२३१ वर उतरतो, पण व्याज ९४.८ लाखांवर जाते. वीसऐवजी तीस वर्षे घेतल्याने महिन्याला पावणेपाच हजारांचा दिलासा मिळतो. त्याची किंमत ३७ लाख रुपये. अर्थात वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाइतका वजनदार नसतो आणि घेतलेल्या घराचे भाडेही वाचते, म्हणून ही बेरीज सगळीच तोट्याची नव्हे. तरीही निर्णयाआधी ती डोळ्यांसमोर असायला हवी. आयकरातली सवलतही या आकड्यांशेजारी मांडून पाहावी लागते. वरच्या उदाहरणात पहिल्या वर्षाचे व्याज सुमारे ४.४६ लाख होते. राहत्या घरासाठी वजावटीची कमाल मर्यादा दोन लाख आहे, आणि तीही जुन्या करप्रणालीतच.

हिशेबाच्या रीतीने किती फरक पडतो, हे वार्षिक आणि मासिक घटीच्या पद्धतींत दिसते. पूर्वी अनेक कर्जांवर वार्षिक घट चाले : हप्ते दरमहा भरले जात, पण मुद्दल वर्षाअखेरीसच कमी धरले जाई. दहा लाखांच्या, १४ टक्के दराच्या आणि १५ वर्षांच्या कर्जाला वार्षिक पद्धतीने १३,५६७ रुपये हप्ता येतो, मासिक पद्धतीने १३,३१७. दर कागदावर एकच असूनही पंधरा वर्षांत ४५,००० रुपयांचा फरक होतो.

बदलत्या दराच्या कर्जांनी नवा गुंता आणला. दर कोणत्या मापाला बांधायचा, यासाठी २०१० मध्ये बेस रेट, २०१६ मध्ये बँकेच्या निधी उभारणीच्या खर्चावर बेतलेला एमसीएलआर आणि १ ऑक्टोबर २०१९ पासून रिझर्व्ह बँकेच्या रेपो दरासारखा बाह्य निकष अशी पद्धत बदलत गेली. दरकपात जुन्या कर्जदारांपर्यंत पोचत नाही, ही तक्रार या बदलांमागे होती. मे २०२० मध्ये रेपो दर ४ टक्के होता. फेब्रुवारी २०२३ पर्यंत तो ६.५ टक्क्यांवर गेला. पन्नास लाखांचे, वीस वर्षांचे आणि ७ टक्क्यांचे कर्ज वर्षभरानंतर ९.५ टक्क्यांवर गेले असे धरले, तर ३८,७६५ च्या हप्त्यातून मुद्दलाकडे जेमतेम सव्वाशे रुपये जातात. हप्ता तेवढाच ठेवून मुदत वाढवायची म्हटले तर फेडीला आणखी साठ वर्षे लागतील. दर तीन वर्षांनी नवे खत लिहून देणाऱ्या कुळाचीही गत अशीच होती : भार वाढत होता आणि तो दिसत नव्हता. म्हणूनच ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने दरबदलाच्या वेळी हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही, याची निवड कर्जदाराला द्यावी आणि मुदतवाढीमुळे हप्ता व्याजालाही अपुरा पडू नये, असा नियम केला. १ ऑक्टोबर २०२४ पासून व्याज व शुल्के एकत्र धरून येणारा वार्षिक दर कर्ज घेण्यापूर्वी लेखी सांगणे बंधनकारक झाले. मनोतीसारख्या कपाती आता त्या आकड्यात दिसतात.

कर्जदाराच्या हातातले सर्वांत प्रभावी साधन म्हणजे मुदतीआधीची फेड. जून २०१२ मध्ये रिझर्व्ह बँकेने बँकांना बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर अशा फेडीसाठी दंड घेण्यास मनाई केली. पन्नास लाखांच्या पहिल्या उदाहरणात एका वर्षानंतर पाच लाख जादा भरून हप्ता तोच ठेवला, तर सुमारे पन्नास हप्ते कमी होतात आणि व्याजात जवळपास १७.७ लाख रुपये वाचतात. हीच रक्कम शेवटच्या वर्षांत भरल्यास फारसे वाचत नाही, कारण तोवर व्याज देऊन झालेले असते.

गहाणाचा शेवट शेवटच्या हप्त्याने होत नाही. मिळकत मोकळी झाल्यावर होतो. त्यासाठी बँकेचा ‘काही देणे नाही’ असा दाखला घ्यावा लागतो, अभिलेखावरचा बोजा उतरवावा लागतो आणि मूळ हक्कलेख परत मिळवावे लागतात. १ डिसेंबर २०२३ पासून कर्जफेडीनंतर तीस दिवसांत हे कागद परत करणे बंधनकारक आहे. धनकोच्या चुकीने उशीर झाल्यास दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते. सुप्यात शेतकऱ्यांनी जे कागद हिसकावून घेतले, तसे कागद आज कर्ज फिटल्यावर मालकाच्या हाती सन्मानाने परत येणे हा त्याचा कायदेशीर हक्क आहे.