नाद, ज्योती आणि अनित्यता

नाद आणि प्रकाश ही एकाच नित्य तत्त्वाची दोन रूपे होत, असे मानणारी विचारधारा भारतीय तत्त्वज्ञानात दीर्घकाळ वावरत आली आहे. अनाहत नाद आणि अंतर्ज्योती यांची सांगड घालणारे पंथ आजही आहेत. बौद्ध परंपरेनेही नाद व ज्योत यांना एकत्र आणले. परंतु तिने काढलेला निष्कर्ष नेमका उलट आहे. हा भेद केवळ तात्त्विक नव्हे. ज्ञान ऐकण्याचा अधिकार कोणाचा, हा प्रश्न त्याच्या मुळाशी आहे.

या प्रश्नाचा इतिहास आपल्या परिसराशी निगडित आहे. भाईंदर पश्चिमेच्या उत्तरेस खाडी ओलांडून वसईपलीकडे गेले की प्राचीन शूर्पारक, म्हणजे आजचे सोपारा लागते. आग्नेयेस कान्हेरीची लेणी आहेत. कान्हेरीच्या शिलालेखांत सोपाऱ्याच्या दात्यांचा उल्लेख आढळतो. १८८२ साली पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी सोपाऱ्याच्या स्तूपाचे उत्खनन केले. सम्राट अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा तुकडा याच गावी सापडला, तर नवव्या लेखाचा तुकडा १९५६ साली, म्हणजे नागपूरच्या धम्मदीक्षेच्याच वर्षी, जवळच्या भुईगाव येथे मिळाला. या नवव्या लेखात अशोक सांगतो की आजारपण, विवाह, जन्म, प्रवास अशा प्रसंगी लोक करतात त्या विधींचे फळ अल्प असते. दास व सेवक यांच्याशी नीट वागणे हेच खरे मंगल होय.

ज्या लेखमालेतील हे तुकडे आहेत, तिच्या चौथ्या लेखात नाद व प्रकाश दोन्ही येतात. भेरीचा घोष आता धम्माचा घोष झाला आहे, असे सांगून अशोक लोकांना दाखविलेल्या अग्निस्कंधांचाही निर्देश करतो. रणभेरी ऐकणाऱ्या प्रजेने आता सदाचाराची वाणी ऐकावी, हा त्याचा आशय. कलिंगातील धौली व जौगड येथील स्वतंत्र लेखांत तर तिष्य नक्षत्राच्या दिवशी हे लेख ऐकवावेत, प्रसंगी एकट्या माणसालाही ऐकवावेत, अशी आज्ञा आहे. लेख लोकभाषेत आहेत आणि श्रोत्यांत कोणासही मज्जाव नाही.

या घोषामागील विचार पाली त्रिपिटकात स्पष्ट दिसतो. संयुत्तनिकायात वीणेचा दृष्टान्त आहे. वीणेच्या स्वराने मोहित झालेला राजा तो स्वरच आणून द्या म्हणतो. वीणा आणल्यावर तो तिचे तुकडे करतो, जाळून राख करतो. परंतु स्वर कोठेच सापडत नाही. पंचस्कंधांत 'मी' शोधणाऱ्याची गत अशीच होते. मज्झिमनिकायातील वच्छगोत्ताच्या संवादात हाच न्याय अग्नीला लावला आहे. विझलेला अग्नी पूर्वेस गेला की पश्चिमेस, हा प्रश्नच गैरलागू ठरतो. इंधन संपले म्हणून तो विझला. पुढे मिलिंदपञ्हात नागसेन वीणा आणि अग्निमंथनाची काष्ठे ही उदाहरणे एकापाठोपाठ देतो. पूर्वी नसलेला स्वर आणि पूर्वी नसलेला अग्नी, दोन्ही कारणसामग्री जुळली की उत्पन्न होतात. नाद आणि ज्योत यांना जोडणारे तत्त्व कोणते, या प्रश्नाचे बौद्ध उत्तर प्रतीत्यसमुत्पाद हेच आहे.

मीमांसकांचे मत याउलट होते. त्यांच्या मते शब्द नित्य आहे. अंधारात असलेले भांडे जसे दिव्याने दिसते, तसा उच्चाराने शब्द केवळ प्रकट होतो. यावर प्रतिपक्षाने मार्मिक प्रश्न केला. एका दिव्याने खोलीतील सर्व भांडी दिसतात; मग एका उच्चाराने सर्व वर्ण एकदम का ऐकू येत नाहीत? इ. स. पाचव्या शतकातील भर्तृहरीने वाक्यपदीयात शब्दालाच ब्रह्म ठरविले आणि शब्दावाचून ज्ञानाचा प्रकाशही उजळणार नाही, असे मांडले. आठव्या शतकात आचार्य शांतरक्षिताने तत्त्वसंग्रहात शब्दब्रह्माच्या परीक्षेसाठी स्वतंत्र प्रकरण लिहून या मताचे खंडन केले. जे कृतक आहे, म्हणजे कारणांनी निर्माण झाले आहे, ते अनित्य असते, हा बौद्ध तर्कशास्त्राचा पाया. शब्दाची अनित्यता हे त्याचे नित्याचे उदाहरण बनले.

एवढा वाद कशासाठी? शब्द नित्य ठरला की वेद अपौरुषेय ठरतात, आणि अपौरुषेय वचनाला प्रश्न विचारता येत नाही. गौतम धर्मसूत्राने वेद ऐकणाऱ्या शूद्राच्या कानात तप्त शिसे व लाख ओतण्याची शिक्षा सांगितली आहे. ज्या नादाला विश्वाचा प्रकाश म्हटले, तो बहुसंख्य माणसांच्या कानांना निषिद्ध होता. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या १९५७ साली प्रसिद्ध झालेल्या ग्रंथात वेदप्रामाण्याच्या नकाराला महत्त्व दिले, ते याच कारणाने. कोणतेही वचन परीक्षेपलीकडे नाही, ही भूमिका मान्य केली की वचनावरील मक्तेदारीही संपते.

तथागतांनी अखेरच्या दिवसांत भिक्खूंना स्वतः दीप होण्यास सांगितले. पाली 'दीप' शब्दाचा अर्थ दिवा असा होतो, तसाच द्वीप असाही होतो. संस्कृत परंपरेत द्वीप हाच पाठ आहे. दोहोंपैकी कोणताही अर्थ घेतला तरी आशय बदलत नाही. आधार बाहेरच्या अधिकारवाणीत शोधू नये. तो स्वतःच्या प्रयत्नात आणि धम्मात शोधावा. वंदनेचा घोष करताना आणि दीप उजळताना उपासकांनी हे ध्यानी ठेवणे अगत्याचे आहे. त्या घोषात किंवा ज्योतीत गूढ शक्ती वसत नाही. घोष ऐकून आचरण सुधारले आणि ज्योत पाहून अनित्यता उमगली, तरच वंदना सार्थ होते.