डावा हात, उजवी सोंड आणि हृदय नसलेला खेळाडू

मराठी विज्ञानकथेवर एक जुना आक्षेप आहे: हा परका वाण आहे, इंग्रजीच्या बियाण्यावर वाढलेला. आक्षेप घेणारे बहुधा यंत्रमानव आणि अंतराळयानांकडे बोट दाखवतात. पण यान कुठेही उडाले तरी सारखेच उडते, त्यावरून परकेपण ठरवता येत नाही. म्हणून मी तुलनेसाठी मुद्दाम अरुंद जागा निवडली आहे. ती म्हणजे खेळ. अमेरिकेच्या विज्ञानकथेत बेसबॉल आला, आपल्या विज्ञानकथेत क्रिकेट आले. दोन्हीकडे खेळाने कथेसाठी काय केले, हे पाहिले की उधार काय आणि घरचे काय ते बरेचसे उलगडते.

आधी अमेरिकेकडे पाहू. २ ऑक्टोबर १९५९ रोजी सीबीएस वाहिनीवर ‘द ट्वायलाइट झोन’ ही मालिका सुरू झाली. रॉड सर्लिंग हा तिचा कर्ता, निवेदक आणि बहुसंख्य कथांचा लेखक. ही मालिका म्हणजे एक सलग गोष्ट नव्हे. दर आठवड्याला नवी कथा, नवी पात्रे, नवे जग, असा तो दूरचित्रवाणीवरचा कथासंग्रह होता. १९६४ पर्यंत पाच हंगामांत १५६ भाग झाले. त्यातला ‘द मायटी केसी’ हा भाग १७ जून १९६० रोजी दाखवला गेला.

होबोकेन झेफर्स नावाचा एक कायम हरणारा काल्पनिक संघ आहे. एक शास्त्रज्ञ त्याच्या व्यवस्थापकाकडे केसी नावाचा तरुण घेऊन येतो. केसीच्या फेकीपुढे कोणीही उभा राहू शकत नाही, कारण तो यंत्रमानव आहे. संघ जिंकू लागतो. मग एक चेंडू केसीच्या डोक्याला लागतो, वैद्यकीय तपासणी होते आणि बिंग फुटते. नियमांत नऊ ‘माणसांचा’ संघ म्हटले आहे आणि केसीला तर हृदयच नाही! शास्त्रज्ञ त्याला हृदय बसवून देतो. आता केसी नियमात बसतो, पण समोरच्याला बाद करणे त्याच्या जिवावर येते. बिचाऱ्याचे नुकसान आपण का करावे, असे त्याला वाटू लागते. हृदय आले आणि खेळाडू संपला.

कथा हलकीफुलकी आहे, पण तिच्याखालची जमीन खरी आहे. न्यू जर्सीतल्या होबोकेन गावाच्या मैदानावर १९ जून १८४६ रोजी झालेला सामना बेसबॉलच्या इतिहासात आद्य नोंदींपैकी एक मानला जातो. केसी हे नाव अर्नेस्ट थेयरच्या १८८८ मधल्या लोकप्रिय कवितेतले. त्या कवितेतला केसी फलंदाज आहे आणि ऐन वेळी बाद होतो. सर्लिंगने त्याला उलटे करून फेकणारा बनवले. शिवाय १९५७ चा हंगाम संपल्यावर न्यूयॉर्कचे दोन लाडके संघ, डॉजर्स आणि जायंट्स, कॅलिफोर्नियाला निघून गेले होते. यंत्रासारखा कारभार आणि हरवलेले हृदय ही तेव्हाच्या प्रेक्षकाची ताजी जखम होती.

आता आपल्याकडे येऊ. जयंत नारळीकर १९७२ मध्ये केंब्रिजहून परतून मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत आले. १९७४ मध्ये मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेत ‘नारायण विनायक जगताप’ या नावाने ‘कृष्णविवर’ ही कथा आली आणि तिला पहिले बक्षीस मिळाले. ते टोपणनाव नारळीकरांचे. अक्षर ओळखू येऊ नये म्हणून कथा मंगला नारळीकरांनी लिहून काढली होती. टोपणनावाची आद्याक्षरे पाहावीत: ज. वि. ना. उलटे केले की ना. वि. ज. उजव्या-डाव्याची अदलाबदल या लेखकाच्या मनात किती मुरली होती, याची मला ही खूण वाटते. ‘यक्षांची देणगी’ या १९७९ च्या संग्रहातल्या ‘उजव्या सोंडेचा गणपती’ या कथेत तीच अदलाबदल मध्यवर्ती आहे.

त्या कथेत उजव्या हाताचा म्हणून ओळखला जाणारा गोलंदाज डाव्या हाताने टाकू लागतो आणि फलंदाज त्याच्यापुढे टिकत नाहीत. कारण त्याने सराव केला असे नाही, तर त्याचे सगळे शरीरच आरशातल्या प्रतिमेसारखे उलटले आहे. मुळाशी आहे मोबियसची पट्टी. वर्गात मी ही पट्टी मुलांना करून दाखवतो. पारदर्शक प्लॅस्टिकची लांब पट्टी घ्यायची, तिला एक अर्धा पीळ द्यायचा आणि टोके चिकटवायची. त्यावर डाव्या हाताचा पंजा काढून तो कडेकडेने सरकवत नेला, की पट्टीची एक फेरी पूर्ण होताच तो उजवा झालेला दिसतो. पट्टीला दोन मिती आहेत. आपल्या त्रिमितीय अवकाशालाही असा पीळ देता आला, तर त्यातून फिरून आलेला माणूस उलटा होईल.

ही कल्पना नारळीकरांच्या आधी पाश्चात्त्य साहित्यात होती. एच. जी. वेल्सच्या १८९६ च्या ‘द प्लॅटनर स्टोरी’त एक शिक्षक असाच उलटून परततो आणि त्याचे हृदय उजवीकडे सापडते. म्हणजे कल्पनेपुरता आक्षेप मान्य करावा लागतो. पण वेल्सच्या कथेत क्रिकेटचा डाव आणि गणपतीची सोंड नाही, आणि मराठी कथा उभी आहे ती या दोहोंवर. विज्ञान न शिकलेल्या वाचकालाही दोन गोष्टी पक्क्या ठाऊक असतात. गोलंदाजाचा हात सामन्याच्या मध्येच बदलत नाही, आणि गणपतीची सोंड बहुधा डावीकडे असते. उजव्या सोंडेचा गणपती कडक, त्याचे सोवळे जपावे लागते. अष्टविनायकांत तसा सिद्धटेकचा एकच. या दोन ठाम खात्र्यांना लेखकाने एकदम धक्का दिला. अमेरिकन प्रेक्षकासाठी जे काम बेसबॉलने आणि थेयरच्या केसीने केले, ते इथे क्रिकेट आणि गणपतीने केले.

खरा फरक पुढे आहे. बेसबॉलच्या कथेत नियमपुस्तक आडवे येते. क्रिकेटमध्ये मात्र हात बदलायला बंदी नाही. कोणत्या हाताने आणि यष्टीच्या कोणत्या बाजूने टाकणार ते पंचाला सांगायचे, पंच ते फलंदाजाला सांगतो. न सांगता बदल केला तर नोबॉल. १९५८ मध्ये किंग्स्टनला गॅरी सोबर्स विश्वविक्रमाच्या उंबरठ्यावर असताना हनीफ मोहम्मदने असेच सांगून डाव्या हाताने चेंडू टाकला होता. विदर्भाचा अक्षय कर्णेवार दोन्ही हातांनी फिरकी टाकतो. त्याने २०१७ मध्ये सराव सामन्यात ऑस्ट्रेलियाविरुद्ध ते करूनही दाखवले. म्हणजे उलटलेला गोलंदाज पंचाला हात सांगून मोकळा होतो, आणि पुढे नियमाला त्याच्याबद्दल काही विचारता येत नाही.

सर्लिंगचा प्रश्न असा होता: खेळणारा माणूस आहे का? नारळीकरांच्या कथेतून मला ऐकू येतो तो प्रश्न वेगळा आहे: माणूसच आहे, पण तो तोच आहे का? पहिल्याचे उत्तर तपासणीने मिळते. दुसऱ्याचे उत्तर त्याला आधीपासून ओळखणाऱ्याकडेच असते. केसीची तपासणी डॉक्टर करतो. इथे साक्ष काढावी लागते ती ओळखीची आणि आठवणीची. मराठी कथेचे स्वतःचेपण मी इथे मानतो.

माध्यमही वेगळे होते. नारळीकरांचे गुरू फ्रेड हॉइल यांनी जॉन एलियटसह लिहिलेली ‘ए फॉर अँड्रोमेडा’ ही विज्ञानमालिका बीबीसीने १९६१ मध्ये दाखवली, तेव्हा नारळीकर केंब्रिजमध्ये त्यांच्याच हाताखाली संशोधन करत होते. शास्त्रज्ञाने लोकांसाठी कथा लिहाव्यात याचा धडा घरातच होता. पण तो गिरवायला आपल्याकडे पडदा नव्हता. मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झाले. १९७५-७६ च्या उपग्रह दूरचित्रवाणी प्रयोगात सहा राज्यांतली २४०० खेडी होती. त्यात सीमेपलीकडचा गुलबर्गा जिल्हा होता, महाराष्ट्र नव्हता. आमच्या वाशीसारख्या बालाघाटावरच्या गावात क्रिकेट आधी कानांनी आले. बाळ पंडितांसारखे समालोचक मराठीत सांगत, तेव्हा डावखुरा गोलंदाज न पाहताच डोळ्यांपुढे उभा राहायचा. अशा श्रोत्याला ‘हात बदलला’ एवढे दोन शब्द पुरेसे होते.

दर आठवड्याच्या पडद्याऐवजी आपल्याकडे दरवर्षीचा कागद होता. का. र. मित्रांनी १९०९ मध्ये ‘मनोरंजन’चा दिवाळी अंक काढला, ‘ट्वायलाइट झोन’च्या बरोबर पन्नास वर्षे आधी. एका मुखपृष्ठाखाली अनेक जगे, आणि पान उलटले की नवे. विज्ञानकथेला ही बैठक आयती मिळाली.

आता जतनाचे बोलायला हवे. ‘ट्वायलाइट झोन’ अजून पाहता येते. ‘ए फॉर अँड्रोमेडा’चे मात्र सातपैकी एकच भाग पूर्ण स्वरूपात उरला आहे, बाकीच्या फिती बीबीसीनेच पुसून पुन्हा वापरल्या. आपले दिवाळी अंक पुसले जात नाहीत, किलोवर जातात. कथा पुढे संग्रहात येते, पण ती प्रथम कोणत्या जाहिरातींच्या, कोणत्या चित्रांच्या आणि कोणत्या लेखांच्या शेजारी छापली गेली, ते अंकाबरोबर रद्दीत जाते. मराठी विज्ञानकथा घरची की परकी, या वादाचा अर्धा पुरावा त्या शेजारातच आहे.

नारळीकर २० मे २०२५ रोजी गेले. त्यांच्या पुस्तकांच्या आवृत्त्या निघत राहतील. तालुक्याच्या ग्रंथालयांनी एवढे केले तरी पुरे: आपल्याकडचे जुने दिवाळी अंक रद्दीला काढण्याआधी त्यांच्या अनुक्रमणिका वहीत उतरवून घ्याव्यात. वाशीत मी १९७० ते १९८५ या वर्षांपासून सुरुवात करतो आहे. इतर गावांतही कोणी अशी वही धरली, तर दोन वह्या शेजारी ठेवून पुढचा लेख लिहिता येईल.