अन्नभाग्य

कर्नाटकातील गरीब कुटुंबांना दरमहा नाममात्र दराने, पुढे फुकट, धान्य देणारी राज्य शासनाची योजना. प्रारंभ १० जुलै २०१३. धान्य बहुतांशी भारतीय अन्न महामंडळाच्या गोदामांतले, म्हणजे देशात दुसरीकडे पिकलेले आणि हमीभावाने खरेदी होऊन शिलकीत पडलेले. वाटप राज्याच्या अन्न व नागरी पुरवठा खात्याकडे. ज्याला आपण रास्त भावाचे दुकान म्हणतो, त्याला कन्नडमध्ये ‘न्यायबेले अंगडी’ म्हणतात. बेले म्हणजे किंमत. योजना सबंध कर्नाटकाची आहे. तरीही या नोंदीत म्हैसूर जिल्हा पुढे ठेवला आहे, कारण शिलकीचे धान्य आणि खाणाऱ्याची भूक यांची गाठ कुठे बसते आणि कुठे सुटते, हे इथे जवळून दिसते.

म्हैसूरच्या पठारावरचे रोजचे अन्न नाचणी. कन्नडमध्ये रागी. तिच्या पिठाचा उकडून केलेला वाफाळता गोळा, ‘मुद्दे’, सारात बुडवून खातात. खरे तर गिळतात, चावत नाहीत. भात कावेरी व कबिनीच्या पाटाखालच्या तालुक्यांत, नंजनगूड आणि टी. नरसीपूरकडे पिकतो, पण कोरडवाहू गावांत तो फार काळ सणाचा किंवा आजाऱ्याचा घास होता. योजनेचे प्रवर्तक सिद्धरामय्या हे म्हैसूरजवळच्या सिद्धरामनहुंडीचे. आपल्या लहानपणी गावात भात फक्त बऱ्या परिस्थितीच्या घरी शिजे, असे त्यांनी भाषणांतून पुष्कळदा सांगितले आहे. १३ मे २०१३ रोजी मुख्यमंत्रिपदाची शपथ घेतली त्याच दिवशी त्यांनी एक रुपया किलो दराने तांदूळ देण्याचा निर्णय जाहीर केला : एकट्या माणसाला १० किलो, दोघांच्या कुटुंबाला २०, तिघे वा अधिक असल्यास ३०. नाचणी खाणाऱ्या मुलखातल्या माणसाने गरिबांना तांदूळच का द्यावा, या प्रश्नाचे उत्तर अर्धे या आठवणीत आहे. उरलेले अर्धे अन्न महामंडळाच्या गोदामात आहे : तिथे तांदूळच होता.

या प्रदेशाला धान्यवाटपाची जुनी आणि कडू ओळख आहे. १८७६–७८ च्या दुष्काळात म्हैसूर संस्थान ब्रिटिश कमिशनरच्या कारभाराखाली होते. १८७१ च्या शिरगणतीत सुमारे ५० लाख ५५ हजार असलेली लोकसंख्या १८८१ मध्ये ४१ लाख ८६ हजारांवर आली. धान्य देशात नव्हते असे नाही. मद्रासेहून रेल्वेने ते बंगळूरपर्यंत पोचे, पुढे बैलगाडी. बंगळूर–म्हैसूर लोहमार्ग म्हैसूरला पोचला तो १८८२ मध्ये, माणसे मरून गेल्यावर. याच दुष्काळात व्हाइसरॉयने पाहणीसाठी पाठवलेले सर रिचर्ड टेंपल (हेच पुढे मुंबईचे गव्हर्नर झाले) यांनी दुष्काळी कामावरच्या गड्याचे धान्य रोजी एक पौंडावर, म्हणजे सुमारे साडेचारशे ग्रॅमवर आणण्याचा प्रयोग केला आणि त्यावर मोठी ओरड झाली. अन्नभाग्यातल्या माणशी दरमहा १० किलोंचा हिशेब दिवसाला ३३० ग्रॅमच्या आसपास पडतो. तुलना सरळ नाही : टेंपलचा गडी दिवसभर खडी फोडत होता आणि त्याच्या पोटात दुसरे फारसे काही जात नव्हते. पण ‘किती धान्यावर माणूस जगतो’ हा प्रश्न सरकारी कागदावर आला तो अशा अंकांतून, आणि अजून तिथेच आहे.

स्वातंत्र्यानंतर प्रश्नाची भाषा बदलली. २१ ऑक्टोबर १९५० रोजी म्हैसूरच्या चेलुवांबा मॅन्शन या राजघराण्याच्या वास्तूत केंद्रीय अन्न तंत्रज्ञान संशोधन संस्था सुरू झाली. पहिले संचालक व्ही. सुब्रह्मण्यन. संस्थेच्या सुरुवातीच्या कामांपैकी एक म्हणजे ‘बहुउद्देशी अन्न’ : तीन भाग भुईमुगाच्या पेंडीचे पीठ, एक भाग हरभऱ्याचे, वर जीवनसत्त्वे आणि कॅल्शियम. तेल काढून उरलेली पेंड एरवी गुरांपुढे जाते. तीच स्वच्छ दळून माणसाला प्रथिने म्हणून द्यायची. शिल्लक शेतमालाचा इतका नेटका उपयोग कागदावर दुसरा सुचणे कठीण. बिहारच्या दुष्काळानंतर अन्न महामंडळाने मुलांसाठी काढलेला ‘बालाहार’ही याच वळणाचा. अशा पिठांची अडचण मात्र सगळीकडे एकच असते. माणूस प्रथिने जेवत नाही, तो भाकरी, मुद्दे किंवा भात जेवतो. डब्यातले पीठ कशात कालवायचे हे घरातल्या बाईला सांगणारे कोणी नसेल, तर डबा फळीवर राहतो.

१९५० च्याच दशकात अमेरिकेची शिल्लक भारतात आली. तिथला सार्वजनिक कायदा ४८०, आपल्या बोलीत ‘पी. एल. ४८०’, आयसेनहॉवर यांच्या सहीने लागू झाला तो १० जुलै १९५४ रोजी. अन्नभाग्याचीही तारीख १० जुलैच. योगायोगच, पण कोशकाराला टिपल्यावाचून राहवत नाही. तिकडे गव्हाचे भाव पडू नयेत म्हणून सरकारने उचललेला गहू इकडे रुपयांत विकला गेला. मराठी वाचकाला हे सांगायला नको : १९७२ च्या दुष्काळातली लाल ‘मिलो’ खाल्लेली पिढी अजून आहे, आणि या गव्हाबरोबर आले असे मानले जाणारे गाजर गवत तर प्रत्येक बांधावर आहे. आयातीवरचे हे अवलंबन तोडण्यासाठी हमीभाव, खरेदी आणि साठा अशी यंत्रणा उभी राहिली. अन्न महामंडळ १४ जानेवारी १९६५ रोजी स्थापन झाले. पंजाब-हरियाणाने गहू-तांदूळ पिकवला, सरकारने घेतला, आणि परदेशातली शिल्लक जाऊन घरचीच शिल्लक तयार झाली.

ही शिल्लक कोणाची, यावर २००१ पासून न्यायालयात वाद झाला. गोदामे सहा कोटी टनांच्या घरात भरलेली असताना राजस्थानात उपासमार होती. पीपल्स युनियन फॉर सिव्हिल लिबर्टीज या संघटनेच्या याचिकेवर सर्वोच्च न्यायालयाने २८ नोव्हेंबर २००१ रोजी शाळांतून शिजवलेले दुपारचे जेवण देण्याचा आदेश दिला. ऑगस्ट २०१० मध्ये न्यायालयाने सडणारे धान्य गरिबांना फुकट वाटा असे म्हटले. कृषी व अन्नमंत्री शरद पवार यांनी ती सूचना असल्याचे सांगताच न्यायालयाने महिनाअखेरीस ‘तो आदेश होता’ असे स्पष्ट केले. २०१३ मध्ये राष्ट्रीय अन्न सुरक्षा कायदा आला आणि माणशी दरमहा ५ किलो हा हक्क झाला. अन्नभाग्य त्या कायद्याच्या काही आठवडे आधीचे. म्हणून केंद्राचा वाटा कुठे संपतो आणि राज्याचा कुठे सुरू होतो, यावर कर्नाटकात प्रत्येक निवडणुकीला नव्याने भांडण होते. पोत्यावर फोटो कोणाचा, हा त्यातलाच पोटवाद.

प्रमाण वेळोवेळी बदलत गेले. १ मे २०१५ पासून तांदूळ फुकट झाला. पुढे कुटुंबाऐवजी माणशी मोजणी आली. २०१७ मध्ये माणशी ७ किलो. २०१८ मध्ये कुमारस्वामी सरकारने तो ५ वर आणायचे ठरवले आणि सिद्धरामय्यांच्या विरोधामुळे माघार घेतली. सर्वांत बोलका बदल एप्रिल २०२१ चा. येडियुरप्पा सरकारने तांदूळ २ किलोंवर आणला आणि सोबत दक्षिण कर्नाटकात ३ किलो नाचणी, उत्तरेत ३ किलो ज्वारी दिली. नाचणी राज्यातल्याच शेतकऱ्यांकडून हमीभावाने घेतलेली. भरड धान्य राज्याने खरेदी करावे आणि राज्यातच वाटावे, असा केंद्राचा दंडक होता. पूर्वी वाटपाला तीनच महिने मिळत, डिसेंबर २०२१ मध्ये नाचणीची मुदत १० महिने झाली. आहारशास्त्र, शेतकरी, वाहतूकखर्च, कुठूनही पाहिले तरी हा बदल शहाणपणाचा होता. लोकांनी मात्र तो ‘तांदूळ कापला’ असाच वाचला. एकदा भात मानाचा झाला की त्या जागी आलेली नाचणी, ती कितीही आपली असो, शिक्षेसारखी वाटते.

२०२३ चा प्रसंग या योजनेचा मर्मभाग आहे. काँग्रेसने माणशी १० किलोंचे आश्वासन देऊन निवडणूक जिंकली आणि जादा ५ किलोंसाठी दरमहा सुमारे २ लाख २८ हजार टन तांदूळ अन्न महामंडळाकडून ३४ रुपये किलोने विकत मागितला. महामंडळ आधी तयार झाले. पण १३ जून २०२३ च्या पत्राने केंद्राने राज्य सरकारांना खुल्या बाजार योजनेतून होणारी विक्रीच थांबवली. कारण महागाई रोखण्याचे दिले गेले. ५ जुलैच्या लिलावात खासगी व्यापाऱ्यांसमोर ३ लाख ८६ हजार टन तांदूळ ठेवला गेला, त्यांपैकी जेमतेम १७० टन उचलला गेला. एक सरकार पैसे घेऊन दारात उभे, दुसऱ्याची गोदामे भरलेली, आणि व्यवहार नाही. छत्तीसगड, तेलंगण, आंध्र सगळीकडे विचारून झाल्यावर कर्नाटकाने ३४ गुणिले ५, म्हणजे माणशी १७० रुपये खात्यात टाकायला सुरुवात केली. मुहूर्त पुन्हा १० जुलैचा. पहिले जिल्हे म्हैसूर आणि अन्नमंत्री मुनियप्पांचे कोलार. १७० रुपयांत बाजारात ५ किलो सोना मसुरी मिळत नाही, हे सांगायला अर्थतज्ज्ञ लागत नव्हता. दुसरीकडे त्या पैशांत डाळ-तेल घेता येते, म्हणून रोखच बरी म्हणणाऱ्याही बायका होत्या. नाराज होते ते दुकानदार : त्यांचे कमिशन किलोवर ठरते.

पुढे चाके उलटी फिरली. साठा इतका वाढला की २०२४ मध्ये केंद्राने राज्यांना २८ रुपयांनी तांदूळ देऊ केला आणि जानेवारी २०२५ मध्ये साडेबावीस रुपयांनी. त्याच आदेशात इथेनॉलच्या कारखान्यांनाही साडेबावीसच रुपये दर होता. गरिबाचे ताट आणि आसवनीची टाकी एका भावात बसवणारा हा आदेश शिलकीचे अर्थकारण जितके उघड करतो, तितके कुठलेही पुस्तक करत नाही. फेब्रुवारी २०२५ पासून कर्नाटकाने रोख बंद करून पुन्हा १० किलो धान्य देण्याचे ठरवले.

न्यायबेले अंगडीतले दृश्य महाराष्ट्रातल्या दुकानाहून वेगळे नाही. पन्नास किलोंचे गोणपाटाचे पोते, इलेक्ट्रॉनिक काटा, अंगठ्याचे यंत्र. शेतमजुराच्या, धुणेभांडी करणाऱ्या बाईच्या बोटावरच्या रेषा झिजलेल्या असतात. यंत्र तीनदा नाही म्हणते, मग दुसरे बोट, मग ‘सर्व्हर नाही, उद्या या’. तांदूळ निवडताना सुपात काही दाणे वेगळे दिसतात, जरा पिवळट, एकसारखे घडवलेले. ते लोह, फॉलिक आम्ल आणि बी-१२ घातलेले पोषणयुक्त दाणे, शंभरात एक. पाण्यात टाकले की काही वर तरंगतात, म्हणून ‘प्लास्टिकचा तांदूळ’ ही आवई म्हैसुरात उठली तशी मराठवाड्यातही उठली. बायका ते दाणे वेचून टाकतात. लोह केरात जाते.

तांदळाच्या गाजावाजात दोन लहान वाटपे झाकली जातात. दोन्ही जास्त जमलेली. एक दूध. १ ऑगस्ट २०१३ रोजी सुरू झालेल्या ‘क्षीरभाग्य’ योजनेत सरकारी व अनुदानित शाळांतल्या आणि अंगणवाडीतल्या मुलांना आठवड्यातून तीन दिवस, पुढे पाच दिवस, भुकटीपासून केलेले १५० मिलिलिटर दूध मिळू लागले. कर्नाटक दूध महासंघाकडे, म्हणजे ‘नंदिनी’कडे, जादा दूध येत होते आणि भुकटीला गिऱ्हाईक नव्हते; शिल्लक घरची, पिणारे घरचे. एप्रिल २०२०च्या टाळेबंदीत हॉटेले बंद पडून दूध उरले, तेव्हा राज्य सरकारने ते रोज लाखो लिटर विकत घेऊन झोपडपट्ट्यांत फुकट वाटले. दुसरे वाटप एच. डी. कोटे आणि हुणसूर तालुक्यांतल्या जेनुकुरुब व अन्य आदिवासींसाठी. पावसाळ्यात रानातली मजुरी थांबते, त्या महिन्यांत आदिवासी कल्याण खाते त्यांना नाचणी, डाळी, कुळीथ, गूळ, तेल, तूप आणि अंडी देऊ लागले. इथे यादी गोदाम पाहून नव्हे, खाणाऱ्याकडे पाहून केलेली आहे.

टीका अर्थातच झाली. फुकट तांदळाने माणसे आळशी होतात, असे म्हणणाऱ्यांत कादंबरीकार एस. एल. भैरप्पा होते, ते तेव्हा म्हैसूरचेच रहिवासी आणि उमा कुलकर्णींच्या अनुवादांमुळे मराठी वाचकांना घरच्यासारखे. शेतावर मजूर मिळत नाहीत, ही मोठ्या शेतकऱ्यांची तक्रारही याच जातीची. ती अर्धवट आहे : दहा किलो तांदळावर कोणी महिना काढत नाही, फक्त पडेल त्या मजुरीला नाही म्हणायची थोडी ताकद येते. काळ्या बाजाराची तक्रार अधिक खरी. न खाल्लेला तांदूळ दारावर येणारे व्यापारी कवडीमोलाने घेतात, गिरणीत पुन्हा पॉलिश होऊन तोच बाजारात येतो. लोक तो का विकतात, याचे उत्तर चोरीत नाही, रोजच्या गरजेत आहे : तांदूळ जास्त, डाळ नाही.

हे सरकारला पटायला बारा वर्षे लागली. ऑक्टोबर २०२५ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने जादा ५ किलो तांदळाऐवजी ‘इंदिरा’ आहारसंच देण्यास मान्यता दिली. महाराष्ट्रात २०२२च्या दिवाळीला शंभर रुपयांत निघालेल्या ‘आनंदाचा शिधा’ची आठवण व्हावी असा हा प्रकार, पण सणापुरता नाही, दरमहाचा. संचात तूरडाळ, तेल, साखर आणि मीठ आहे. कलबुर्गीच्या शेतकऱ्याची तूर त्यात बसते. म्हैसूरच्या शेतकऱ्याची नाचणी त्यात नाही.