विष्ठास्वप्न

विष्ठास्वप्न : विष्ठा दिसणे, तिचा अंगाला लेप होणे, ती खाणे, तिच्या ढिगावरून चालणे, मलविसर्जन करणे किंवा शौचाला जागाच न सापडणे, अशा प्रसंगांची स्वप्ने. जागेपणी अमंगल व लज्जास्पद मानलेला हा विषय बहुतेक प्राचीन स्वप्नग्रंथांत धनलाभाचे, चिंतामुक्तीचे किंवा आरोग्याचे चिन्ह ठरतो. मात्र विष्ठा दिसली एवढ्यावरून ग्रंथकार सहसा फल सांगत नाहीत. ती कोणाची आहे, कोठे आहे, स्वप्न पाहणाऱ्याने तिचे काय केले आणि जागेपणी त्याची स्थिती काय आहे, यांवरून शुभाशुभ ठरते. अंगावर लेप झाला तर लाभ, पण तोंडावाटे बाहेर पडली तर मृत्युसूचना; योग्य जागी विसर्जन झाले तर सुटका, पण देवळात झाले तर कोप, अशी विभागणी एकमेकांशी संबंध नसलेल्या परंपरांतही आढळते.

संस्कृत स्वप्नशास्त्र : अथर्ववेदाच्या परिशिष्टांपैकी ६८ वे परिशिष्ट स्वप्नाध्याय या नावाचे आहे. पुढे मत्स्य, अग्नी, ब्रह्मवैवर्त इ. पुराणांत स्वप्नफलाची प्रकरणे आली. बाराव्या शतकात गुजरातमधील जगद्देव याने स्वप्नचिंतामणि हा स्वतंत्र ग्रंथ रचला. त्यात शुभ व अशुभ स्वप्नांचे दोन अधिकार आहेत. युलिउस फोन नेगेलाइन या जर्मन पंडिताने १९१२ मध्ये तो जर्मन भाषांतरासह प्रसिद्ध केला. स्वप्नाध्यायांच्या परंपरेत पुन्हापुन्हा उद्धृत होणाऱ्या एका सूचीत गाय, बैल व हत्ती यांवर बसणे, प्रासाद, डोंगरमाथा किंवा वृक्ष यांवर चढणे, रडणे, स्वतःचा मृत्यू, अगम्य स्त्रीशी समागम आणि विष्ठेचा लेप ही सर्व स्वप्ने धन्य म्हणून एकत्र दिली आहेत.

या सूचीवरून स्वप्नफल नेहमी उलटे असते, असा सरसकट नियम काही अभ्यासक काढतात. संस्कृत ग्रंथांचा समग्र विचार करता तो टिकत नाही. त्याच परंपरेत पांढऱ्या वस्तू शुभ व काळ्या अशुभ असा सरळ नियम आहे आणि अपवादही नावानिशी दिले आहेत. पांढऱ्यांत कापूस, राख, हाडे व ताक वर्ज्य; काळ्यांत गाय, हत्ती, देव, ब्राह्मण व घोडा यांना मुभा. विष्ठालेप, रुदन व मृत्यू यांचा छोटा गटच तेवढा उलट फल देणारा आहे.

विष्ठा व लक्ष्मी यांच्या संबंधाची एक कथा महाभारताच्या अनुशासनपर्वात आहे. लक्ष्मी गाईंकडे येऊन त्यांच्या शरीरात निवास मागते. ती चंचल आहे म्हणून गाई नकार देतात. तिने विनवणी केल्यावर अखेरीस शेण व मूत्र एवढीच जागा तिला मिळते, आणि ती तीही आनंदाने स्वीकारते. ही कथा स्वप्नासंबंधी नाही. तथापि शेणात संपत्ती वसते या समजुतीचा तो स्पष्ट पुरावा मानता येतो. स्वप्नग्रंथांतील लेपाची विष्ठा माणसाची की जनावराची, हे बहुतेक ठिकाणी सांगितलेले नाही.

आयुर्वेदातील स्थान : वैद्यकग्रंथांत स्वप्नाचा विचार भविष्यासाठी नव्हे, तर रोगाच्या साध्यासाध्यतेसाठी केलेला आहे. वाग्भटाच्या अष्टांगहृदयातील शारीरस्थानाच्या सहाव्या अध्यायात वैद्याला बोलावण्यास आलेल्या दूताची लक्षणे व रोग्याची स्वप्ने एकत्र दिली आहेत. तेथील शुभ स्वप्नांत छत्र, आरसा, विष, मांस, पांढरी फुले, वस्त्र व फळ यांच्याबरोबर अमेध्याचा, म्हणजे अपवित्र वस्तूचा, लेप येतो. अशी स्वप्ने पाहणाऱ्यास आरोग्य व धन मिळते असे फल आहे. विष व अमेध्य यांना पांढऱ्या फुलांच्या पंक्तीत बसवण्याचे कारण ग्रंथकार देत नाही.

चरकसंहितेच्या इंद्रियस्थानात स्वप्नांचे सात प्रकार आहेत : पाहिलेले, ऐकलेले, अनुभवलेले, इच्छिलेले, कल्पिलेले, भावी फल सुचवणारे व दोषांमुळे पडणारे. यांपैकी पहिले पाच निष्फळ. याच धर्तीवर ब्रह्मवैवर्तपुराणाच्या श्रीकृष्णजन्मखंडात, नंदाला शुभ स्वप्ने सांगताना, चिंताग्रस्त, व्याधिग्रस्त, भयाकुल, नग्न किंवा केस मोकळे सोडून झोपलेल्या माणसाच्या स्वप्नाला फल नाही असे म्हटले आहे. मलमूत्राच्या वेगाने पीडित झालेलाही त्यांतच येतो. पोटात कळ असताना पडलेले शौचाचे स्वप्न अशा रीतीने शास्त्राच्या कक्षेबाहेर राहते. शारीरिक कारण व दैवी सूचना यांत भेद करण्याची ही जाणीव प्रस्तुत विषयाच्या दृष्टीने महत्त्वाची आहे.

अरिष्टसूचक प्रकार : मार्कंडेयपुराणात दत्तात्रेय अलर्काला मृत्यूची पूर्वचिन्हे सांगतात. त्यांत मूत्र, विष्ठा, सोने किंवा चांदी यांची वांती प्रत्यक्षात अथवा स्वप्नात झाली तर दहा महिने आयुष्य उरते असे म्हटले आहे. वायुपुराणातही हेच अरिष्ट येते. विष्ठा व सोने येथेही एकाच वाक्यात येतात, पण फल उलट आहे. शुभ सूचीतील विष्ठा बाहेरून अंगाला लागते. अरिष्टातील विष्ठा तोंडावाटे शरीर सोडून जाते.

फलकाल : रात्रीच्या पहिल्या प्रहरातील स्वप्नाचे फल वर्षात, दुसऱ्यातील सहा महिन्यांत, तिसऱ्यातील तीन महिन्यांत, चौथ्यातील पंधरवड्यात व अरुणोदयाच्या वेळचे दहा दिवसांत मिळते, अशी गणना अग्निपुराणात आहे. इतर ग्रंथांत आकडे थोडे बदलतात. शुभ स्वप्नानंतर पुन्हा झोपू नये, हा नियम विष्ठालेपाच्या स्वप्नालाही लागू होतो.

महाराष्ट्रातील समजूत : ‘स्वप्नात घाण दिसली की पैसा येतो’ ही समजूत प्रचलित आहे.

बौद्ध परंपरा : अंगुत्तरनिकायाच्या पंचकनिपातात बोधिसत्त्वाला संबोधीपूर्वी पडलेल्या पाच महास्वप्नांचे वर्णन आहे. पहिल्यात पृथ्वी ही शय्या व हिमालय हे उसे होते. दुसऱ्यात नाभीतून उगवलेले तृण आकाशाला भिडले. तिसऱ्यात काळ्या डोक्याचे पांढरे किडे गुडघ्यांपर्यंत चढले. चौथ्यात चार दिशांकडून आलेले चार रंगांचे पक्षी पायाशी पडून पांढरे झाले. पाचव्यात बोधिसत्त्व विष्ठेच्या प्रचंड पर्वतावर येरझारा घालत होता आणि त्याला जराही मळ लागत नव्हता. चीवर, भिक्षान्न, निवास व औषधे तथागताला विपुल मिळतील, पण तो त्यांत न गुंतता, त्यांतील धोका ओळखून त्यांचा उपभोग घेईल, असा त्याचा अर्थ तेथेच दिला आहे. महावस्तु या ग्रंथातही ही पाच स्वप्ने आहेत.

विष्ठास्वप्नाचा निःसंदिग्ध आध्यात्मिक अर्थ सांगणारे हे सर्वांत महत्त्वाचे प्राचीन उदाहरण होय. विष्ठा म्हणजे लाभ हे समीकरण येथे नाकारलेले नाही, उलट गृहीत धरले आहे. भर आहे तो मळ न लागण्यावर. गृहस्थासाठी लेप शुभ, तर विरक्तासाठी अलेप, असा फरक संस्कृत सूची व हे सुत्त शेजारी ठेवल्यावर दिसतो. या दोन परंपरांपैकी कोणी कोणाकडून काय घेतले, हे ठरवता येत नाही.

ईजिप्त व मेसोपोटेमिया : ब्रिटिश म्यूझियममधील चेस्टर बीटी पपायरस क्र. ३ हा इ. स. पू. तेराव्या शतकातील, दुसऱ्या रामसेसच्या काळातील मानला जातो. तो दैर अल्-मदीना या कारागीरवस्तीतील केनहेरखेपशेफ या लेखनिकाच्या संग्रहात होता. ॲलन गार्डिनर यांनी १९३५ मध्ये तो प्रसिद्ध केला. प्रत्येक स्वप्नापुढे ‘चांगले’ किंवा ‘वाईट’ असा शेरा असून ‘वाईट’ हा शब्द लाल शाईने लिहिलेला आहे. विष्ठा खाण्याच्या स्वप्नापुढे ‘चांगले’ असा शेरा आहे. असा मनुष्य स्वतःच्या घरातील मालमत्तेचा उपभोग घेईल. निनेव्हे येथील असुरबनिपालच्या ग्रंथालयातील ॲसिरियन स्वप्नपुस्तकात मूत्रविषयक स्वप्नांचा स्वतंत्र विभाग आहे.

ग्रीक-रोमन परंपरा : इसवी सनाच्या दुसऱ्या शतकातील आर्टेमिडोरस याच्या ओनायरोक्रिटिका या पाच खंडांच्या ग्रंथात या विषयाचे सर्वांत तपशीलवार प्राचीन विवेचन मिळते. शरीराच्या किंवा मनाच्या तत्कालीन अवस्थेमुळे पडणारे स्वप्न आणि भविष्य सुचवणारे स्वप्न असा भेद तो आरंभीच करतो. गुराढोरांचे शेण शेतकऱ्याला शुभ, कारण ते त्याच्या कामाचे आहे. इतरांना ते दुःख व हानी सुचवते. माणसाची विष्ठा पुष्कळ दिसणे अनिष्ट. शौचकूपात किंवा शौचपात्रावर बसून भरपूर विसर्जन करणे मात्र फार चांगले. त्यानंतर शरीर हलके होते, त्याप्रमाणे चिंता व पीडा दूर होतात. तीच क्रिया देवळात, बाजारात, रस्त्यावर किंवा स्नानगृहात घडली तर देवांचा कोप, बेअब्रू व नुकसान सूचित होते. अंथरुणात घडली तर दीर्घ आजार किंवा पत्नीपासून वियोग.

स्वप्नातील दुसऱ्या व्यक्तीची ऐपतही तो हिशेबात घेतो. एकाच्या स्वप्नात श्रीमंत मित्राने त्याच्या डोक्यावर मलविसर्जन केले. त्याला त्या मित्राची मालमत्ता वारशाने मिळाली. दुसऱ्याच्या स्वप्नात तेच कृत्य गरीब परिचिताने केले. त्याचे मोठे नुकसान झाले. ज्याच्याजवळ देण्यासारखे असते त्याच्याकडूनच विष्ठा लाभ आणते, असा याचा आशय. उकिरड्यावर झोपण्याचे स्वप्न गरिबाला संपत्ती देते आणि श्रीमंताला अधिकारपद, कारण उकिरड्यावर गावातला प्रत्येक जण काही ना काही आणून टाकतो आणि अधिकाऱ्याकडेही लोक तसेच काही ना काही आणतात. या स्पष्टीकरणातील उपरोध हेतुपूर्वक आहे की नाही, याविषयी मतभेद संभवतात.

ज्यू व इस्लामी परंपरा : तालमूदच्या बेराखोत या प्रकरणातील स्वप्नविवेचनात (५७ अ) स्वप्नात शौच करणे हे सुचिन्ह म्हटले असून त्याला यशया या ग्रंथातील बंदिवानाच्या त्वरित सुटकेच्या वचनाचा आधार दिला आहे. मात्र नंतर पुसून स्वच्छता केलेली नसेल तरच हे फल लागू, अशी पुस्ती तेथे जोडली आहे.

आर्टेमिडोरसचा ग्रंथ नवव्या शतकात हुनैन इब्न इसहाक याने अरबीत आणला. इब्न सिरीन (मृत्यू ७२८) याच्या नावावर चालणारे बहुतेक स्वप्नग्रंथ नंतरच्या काळातील आहेत. अरबी स्वप्नग्रंथांत विष्ठा म्हणजे संपत्ती, पण ती अनेकदा अन्यायाने मिळवलेली, आणि विसर्जन म्हणजे खर्च किंवा संकटातून सुटका असा अर्थ रूढ आहे. अब्द अल्-गनी अन्-नाबुलुसी (१६४१–१७३१) याच्या कोशवजा ग्रंथात ही सामग्री वर्णानुक्रमे एकत्र मिळते. लाभाचा नैतिक दर्जा विचारणे हे या परंपरेचे वैशिष्ट्य आहे.

चीन व कोरिया : पाचव्या शतकात ल्यू यीचिंग याच्या नावे संकलित झालेल्या शृश्वो शिन्यू या आख्यायिकासंग्रहात यिन हाओ (मृत्यू ३५६) याला कोणी विचारते, की पद मिळण्यापूर्वी शवपेटी व धन मिळण्यापूर्वी घाण स्वप्नात का दिसते? पद हे मुळात कुजकेच व धन ही मुळात घाणच, असा आशय असलेले उत्तर तो देतो. उत्तराचे कौतुक झाले असले, तरी प्रश्नावरून समजूत आधीपासून प्रचलित होती हे कळते. चौच्या ड्यूकच्या नावाने प्रसिद्ध असलेल्या स्वप्नपुस्तकांच्या प्रती तुनह्वांग येथील हस्तलिखितांत मिळाल्या आहेत. कोरियात विष्ठेचे स्वप्न डुकराच्या स्वप्नाप्रमाणे धनसूचक मानतात व ते पडल्यावर लॉटरीचे तिकीट घेण्याची प्रथा आहे.

मनोविश्लेषण : फ्रॉइडने स्वप्नमीमांसेवरील ग्रंथात (१९००) स्वतःचे एक स्वप्न दिले आहे. टेकडीवरील उघड्या शौचकूपाच्या कडेला विष्ठेचे ढीग असून त्याच्या मूत्राच्या धारेने ते धुऊन निघतात. किळस कशी वाटली नाही, या प्रश्नाचे उत्तर तो ऑजियसचे तबेले साफ करणाऱ्या हर्क्युलिसशी झालेल्या तादात्म्यात शोधतो. १९०८ मधील लेखात त्याने काटकसर, टापटीप व हट्ट या स्वभावगुणांचा बालपणीच्या मलविषयक आस्थेशी संबंध जोडला आणि सोने व विष्ठा यांची सांगड मिथके व लोककथांतून दाखवली. डेव्हिड अर्न्स्ट ओपनहाइम याच्यासह १९११ मध्ये लिहिलेला लोककथांतील स्वप्नांवरचा निबंध १९५८ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यातील कथांत सैतान स्वप्नात खजिना दाखवतो, जागेची खूण म्हणून मनुष्य तेथे शौच करतो आणि जागा झाल्यावर अंथरूण भरलेले आढळते. फेरेन्झीने १९१४ मध्ये पैशाच्या आवडीचा बालपणापासूनचा क्रम मांडला. या उपपत्तींचे प्रायोगिक प्रामाण्य विवाद्य आहे.

युंगच्या आत्मकथनात बाराव्या वर्षीचा एक अनुभव येतो : बाझेलच्या कॅथीड्रलवर सिंहासनस्थ ईश्वराची विष्ठा कोसळून छप्पर फुटते व त्याला ईश्वरी कृपेचा अनुभव येतो. हे जागेपणीचे मनोदृश्य असल्याने काटेकोर अर्थाने विष्ठास्वप्नात मोडत नाही. हीन द्रव्यातून सोने निर्माण करण्याच्या किमयेच्या कल्पनेला त्याने पुढे मानसिक रूपांतराचे प्रतीक मानले.

आधुनिक स्वप्नसंशोधन : शौचाला जागा न सापडण्याची किंवा तेथे लाज वाटण्याची स्वप्ने वारंवार आढळणाऱ्या स्वप्नांत नोंदली जातात. मूत्राशय वा आतडे यांच्या ताणाचा त्यांत काही वाटा असतो.