एक चाल, चार गाणी

अमेरिकेतल्या कंट्री संगीताचा इतिहास कुठूनही वाचायला घेतला तरी 1952 सालचं एक गाणं हटकून समोर येतं. किटी वेल्सचं 'इट वॉझन्ट गॉड हू मेड हाँकी टाँक एंजल्स'. 'बिलबोर्ड'च्या कंट्री यादीत पहिल्या क्रमांकावर पोचलेलं, एकट्या बाईने गायलेलं हे पहिलं गाणं. लिहिणारे बहुधा एवढं सांगून पुढे जातात. मला मात्र त्याच्या चालीत जास्त रस आहे. ती चाल तोवर निदान 23 वर्षं लोकांच्या तोंडी होती, आणि गाण्याची निम्मी करामत तिथेच आहे.

व्हर्जिनियाच्या डोंगराळ भागातल्या कार्टर कुटुंबाने 1929 साली 'आय अ‍ॅम थिंकिंग टुनाइट ऑफ माय ब्लू आइज' हे विरहगीत ध्वनिमुद्रित केलं. चाल साधी, तीन कॉर्डमध्ये बसणारी, एकदा ऐकली की तोंडात बसणारी. ती मुळात त्यांची तरी होती का, हा प्रश्नच आहे. ए. पी. कार्टर वाड्यावस्त्यांवर हिंडून लोकांकडची गाणी गोळा करायचा, त्यांत फेरफार करायचा आणि स्वतःच्या नावावर नोंदवायचा. सात वर्षांनी, 1936 मध्ये, रॉय एकफने हीच चाल 'द ग्रेट स्पेकल्ड बर्ड' या धार्मिक गाण्याला लावली. बायबलमधल्या यिर्मयाच्या पुस्तकात एका ठिपकेदार पक्ष्याचा उल्लेख आहे, त्यावर बेतलेलं हे गाणं. 1938 साली 'ग्रँड ओल ऑप्री' या नॅशव्हिलच्या रेडिओ कार्यक्रमात ते गाऊन एकफने नाव कमावलं. म्हणजे प्रियकराच्या आठवणीची चाल आता भजनाची झाली.

आणि मग ती दारूच्या गुत्त्यात गेली. 1933 साली अमेरिकेतली दारूबंदी उठल्यावर दक्षिणेत रस्त्याकडेला बिअर, नाच आणि ज्यूकबॉक्स असलेले अड्डे फोफावले. तेच हाँकी टाँक. पुढे दुसरं महायुद्ध झालं, शिपाई घरी परतले, 1946 साली अमेरिकेतल्या घटस्फोटांच्या प्रमाणाने उच्चांक गाठला. कंट्री गाण्यांत मोडलेले संसार आणि बाटली यांची गर्दी झाली ती याच काळात. टेक्सासच्या हँक थॉम्प्सनचं 'द वाइल्ड साइड ऑफ लाइफ' हे त्यातलंच. नवऱ्याला सोडून बायको अशा अड्ड्यांच्या झगमगाटाकडे गेली आहे, आणि तो कपाळाला हात लावून म्हणतो, या बाया देवानेच अशा घडवल्या. विल्यम वॉरन आणि आर्ली कार्टर यांनी लिहिलेलं हे गाणं थॉम्प्सनच्या तबकडीच्या मागच्या बाजूला टाकलेलं होतं. 1952 मध्ये ते 15 आठवडे पहिल्या क्रमांकावर राहिलं. चाल अर्थात तीच.

लुइझियानातल्या क्राउली गावच्या जे. डी. मिलरने या गाण्याला उत्तर लिहिलं. कलगी-तुऱ्याचे सवाल-जवाब ऐकलेल्या आपल्या माणसाला यात नवल वाटणार नाही, पण मिलरने एक पाऊल पुढे टाकलं: सवालाची चाल जशीच्या तशी उचलून तिच्यावरच जवाब चढवला. ज्यूकबॉक्समधून थॉम्प्सनचं रडगाणं ऐकणारी बाई, आणि तिचं म्हणणं असं की दोष देवाचा नाही. लग्न झालेले पुरुष स्वतःला सडे समजून वागतात आणि चांगल्या बाया वाया जातात. (हा मिलर काही समाजसुधारक वगैरे नव्हे. साठच्या दशकात याच माणसाने वंशभेदाचं उघड समर्थन करणाऱ्या तबकड्याही काढल्या. चांगलं गाणं लिहिणारा चांगला असलाच पाहिजे, असा नियम नाही.)

गायला मिळाली ती किटी वेल्स. खरं नाव म्युरिएल एलेन डीसन, जन्म नॅशव्हिलचा, वय 32, पदरात तीन मुलं. नवरा जॉनी राइट 'जॉनी अँड जॅक' या जोडीतला गायक. एका जुन्या गाण्यातलं नाव त्यानेच तिला दिलं. आरसीए व्हिक्टरसाठी तिने केलेलं आधीचं ध्वनिमुद्रण फारसं खपलं नव्हतं आणि घर सांभाळावं असं तिच्या मनाने जवळजवळ घेतलं होतं. 3 मे 1952 रोजी नॅशव्हिलच्या टुलेन हॉटेलातल्या कॅसल स्टुडिओत डेका कंपनीसाठी ती गायली ती मुख्यतः 125 डॉलरसाठी. युनियनच्या दराने एका बैठकीचे तेवढे मिळत. हे तिनेच पुढे सांगितलं.

ध्वनिमुद्रण ऐकताना लक्षात राहतो तो तिचा आवाज: थोडा नाकातला, सरळ, कुठेही चढ नाही, हुंदका नाही, मागे स्टील गिटार. चिडलेल्या गायिकेने हेच शब्द आपटून म्हटले असते. इथे चर्चमध्ये शेजारी बसणारी बाई शांतपणे हिशेब मांडते आहे असं वाटतं. शिवाय ऐकणाऱ्यांच्या कानात ती चाल एकफच्या भजनाचीही होती. देवाचं नाव घेऊन केलेल्या आरोपाला देवाच्याच चालीत उत्तर मिळालं. मला वाटतं, गाणं लागलं ते यामुळे.

एनबीसी रेडिओने ते लावायला नकार दिला. ऑप्रीनेही सुरुवातीला मंचावर गाऊ दिलं नाही. पण लोक तबकडी विकत घेतच राहिले. ऑगस्टमध्ये गाणं पहिल्या क्रमांकावर गेलं आणि सहा आठवडे तिथे टिकलं. पॉपच्या यादीतही 27 पर्यंत पोचलं. बायकांच्या तबकड्या खपत नाहीत, हा कंपन्यांचा सिद्धांत तिथे कोसळला. पुढच्याच वर्षी गोल्डी हिलचं गाणं पहिलं आलं. तेही एका पुरुषाच्या गाण्याला दिलेलं उत्तरच. वेल्सकडूनही डेकाने वेब पिअर्सच्या 'बॅक स्ट्रीट अफेअर'ला उत्तर गाऊन घेतलं. बाईला स्वतःचा सवाल टाकता येईल हे कंपन्यांच्या डोक्यात यायला अजून वेळ होता. ते गायिका लोरेटा लिनने साठच्या दशकात केलं.

1977 साली गायक डेव्हिड अ‍ॅलन कोने 'इफ दॅट एन्ट कंट्री' या गाण्याच्या शेवटी ही चारही गाणी एकामागोमाग ओवून टाकली. तुम्हाला ऐकायची असतील तर सालवार ऐका: कार्टर, एकफ, थॉम्प्सन आणि मग वेल्स. थेट वेल्सपासून सुरुवात केलीत तर ते एक बरं जुनं गाणं वाटेल, एवढंच.